एकशे वीस सह्या

चवथ (गणेशचतुर्थी) जवळ आली की गोव्यातल्या आमच्या गावच्या व्हॉट्सअॅप गटावर पडक्या वाड्याचा एखादा फोटो हटकून फिरतो. कौलं घसरलेली, भिंतीत पिंपळ, खाली ओळ: "पोर्तुगालात जाऊन बघा राजवाडे कसे ठेवलेत. आणि आमचे हे वंशज!" मग ठरलेले तट पडतात. एक म्हणतो, यांच्याच्याने होत नाही, सरकारने वाडा ताब्यात घ्यावा. दुसरा म्हणतो, संस्थानं गेली, १९७१ साली तनखेही गेले, आता यांच्या छपरावर जनतेचा पैसा कशाला? कोणी वाड्यातल्या चार खोल्या पाहुण्यांना दिल्या तर अब्रू विकली, नाही दिल्या तर वाडा मातीत घातला.

पोर्तुगालात जाऊन बघा, हे मला तरी कोणी सांगू नये. मी लिस्बनच्या बेन्फिकात राहते. मेट्रोच्या निळ्या लाईनने जार्दिं झूलोजिकोला उतरून मोंसांतोच्या बाजूला चालत गेलं की फ्रोन्तैरांचा राजवाडा लागतो. राजाचा नव्हे, मार्केझाचा (एका किताबधारी सरदाराचा), पण फोटोवाल्यांना तेवढा फरक चालतो. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात शिकारीसाठी बांधलेला. लढायांच्या दालनात आझुलेझूंवर (झिलईच्या चित्रित फरश्यांवर) १६४० नंतरची स्पेनविरुद्धची युद्धं चितारलेली आहेत. बागेतल्या गॅलरीत पोर्तुगालच्या राजांचे अर्धपुतळे ओळीने मांडलेत, फक्त साठ वर्षं राज्य करून गेलेले तीन स्पॅनिश फिलिप गाळलेत. (गाळणं हीसुद्धा जतनाचीच एक रीत असावी.) घरचे लोक अजून तिथेच राहतात आणि उरलेलं घर ठरल्या वेळी लोकांना दाखवलं जातं.

वाडा चालवणाऱ्या प्रतिष्ठानाच्या नावात दोन घराणी आहेत, फ्रोन्तैरा आणि आलोर्ना. आलोर्ना म्हणजे आपल्या पेडण्यातलं हळर्ण. शापोरा नदीकाठचा सावंतवाडीच्या भोसल्यांचा हळर्णचा किल्ला व्हाइसरॉय पेद्रू मिगेल द आल्मेदाने १७४६ मध्ये घेतला आणि १७४८ मध्ये राजाने त्याला मार्केझ द आलोर्ना केलं. लिस्बनमध्ये आलोर्ना म्हटलं की लोकांना त्याच घराण्यातली कवयित्री आठवते, नाहीतर वाईनची बाटली. पेडण्यातला गड कोणाच्या ध्यानीमनी नसतो. मला तो दर वेळी आठवतो, तिडीक येते, आणि तिडिकेखाली थोडा अभिमानही असतो. कशाचा, ते विचारू नका.

तर हा राजवाडा टिकला कसा? पोर्तुगीजांना वारशाची चाड जास्त, हे उत्तर गटावर लोकप्रिय आहे. खरं उत्तर इतकं गोड नाही. पहिलं म्हणजे पाऊस. लिस्बनला वर्षाला साताठशे मिलिमीटर पडतो, गोव्यात तीन हजारांच्या आसपास आणि जवळपास सगळा चार महिन्यांत. इथे छप्पर एक वर्ष गळलं तर भिंतीवर डाग पडतो. गोव्यात एक पावसाळा गळलं तर वाशाला बुरशी धरते, बुरशीमागून वाळवी येते, आणि चौथ्या वर्षी तो फोटो निघतो. दुसरं म्हणजे मोर्गादियू. १८६३ पर्यंत पोर्तुगालात बड्या घराण्यांची मिळकत मोर्गादियूखाली बांधलेली असे, ती अख्खी थोरल्याकडे जाई, तिला तोडता येत नसे. धाकट्यांनी सैन्यात जावं, चर्चमध्ये जावं, नाहीतर गोव्याला जावं. इथल्या कित्येक राजवाड्यांची छपरं धाकट्यांच्या आणि लेकींच्या बुडालेल्या वाट्यांवर तगली आहेत. आणि मोर्गादियू गेल्यावर वाटण्या इथेही सुरू झाल्या, आणि फ्रोन्तैरांनी १९८९ मध्ये प्रतिष्ठान काढलं. वाडा प्रतिष्ठानाच्या नावावर गेला की तो कोणाच्याच वारसाहक्कात येत नाही. घराणं विश्वस्त मंडळावर बसतं, वाड्यात राहतं, पण वाडा वाटून घेऊ शकत नाही.

आपल्याकडे १८६७ ची पोर्तुगीज नागरी संहिता आली आणि राहिली, पुढे तिच्या वारशाच्या भागाची जागा २०१२ च्या गोव्याच्या वारसा कायद्याने घेतली, पण गाभा तोच. मुलगे आणि लेकी समान वारस. लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर नवरा-बायकोची मिळकत एक, वारशाने आलेलीसुद्धा. या कायद्याचा मला अभिमान आहे आणि इथल्या मैत्रिणींना मी तो ऐकवतेही. आता हाच कायदा वाड्याला लावून बघा. आईवडील गेले, पाच मुलं, सगळी लग्न झालेली: पाच जोडपी, दहा सह्या. प्रत्येकाला चार मुलं: वीस जोडपी, चाळीस सह्या. त्यांना तीन-तीन: साठ जोडपी, एकशे वीस सह्या. तीन पिढ्यांत. वाड्याचा एक चौक विकायचा, गहाण टाकायचा, प्रतिष्ठानाला द्यायचा, तर या सगळ्यांनी हो म्हणायला हवं. यातले पणजीत काही, मुंबईत काही, दुबई, लिस्बन, स्विंडन. "वंशज विकून खातात" म्हणणाऱ्यांनी एकदा विकून दाखवावं.

इन्व्हेंटार (वारसा वाटून घ्यायचा दावा) घातला तर मार्ग निघतो असं वकील सांगतात, आणि निघतोही. कुटुंबप्रमुख सगळ्या मिळकतीची यादी देतो, मोल ठरतं, मग वारसांमध्ये बोली लागते. ज्याची बोली वरची, त्याला वाडा, आणि इतरांना त्याने त्यांच्या हिश्शाचे पैसे द्यायचे. गोम इथेच आहे. वाड्यात राहून दर वर्षी कौलं परतणारा जो वारस असतो, त्याच्याकडेच बहुधा सगळ्यांत कमी पैसा असतो. गोव्यातल्या जमिनीला आज जो भाव आहे, त्या भावाने एकोणसाठ हिस्से तो कुठून विकत घेणार? बोली लावली तर वाडा बाहेरच्या पैशाच्या जोरावर बोलणाऱ्याकडे जाईल, म्हणून तो इन्व्हेंटारच घालत नाही. कागदावर वाडा सर्वांचा, छपरावर चढणारा एकटा.

आता छपराचंच सांगते, कारण गटावर "डागडुजी" हा शब्द फार सहज टाकला जातो. मंगळुरी कौल एक अडीच-तीन किलोचं, चौरस मीटरला चौदा-पंधरा लागतात, म्हणजे चाळीस किलो, भिजल्यावर त्याहून जास्त. हे वजन रिपांवर, रिपांचं वाशांवर, वाशांचं भिंतीवरच्या तुळईवर. शाकारणी एप्रिल-मेमध्ये. कौलं आढ्याकडून उतरवत खाली यायचं, काथ्याने घासून शेवाळ काढायचं (जोराच्या पाण्याने धुतली तर कौलाचा वरचा कस जातो), मग प्रत्येक कौल बोटाच्या पेराने ठोकायचं. खणखणीत वाजलं तर ठेवायचं, बद्द वाजलं तर त्याला बारीक चीर आहे. रिपा तपासायच्या, कारण एक रीप वाकली की वरच्या ओळीचा जोड उघडतो. लावताना उलटं, पागोळीकडून आढ्याकडे. आढ्यावरची कौलं चुन्यात बसवायची. सिमेंटात बसवली तर ती उन्हाळ्यात तडकतात, कारण खालचं लाकूड हलतं आणि सिमेंट हलत नाही.

राजवाड्यात याहून मोठा घोर म्हणजे पन्हळी. आत उतरणाऱ्या छपराच्या एका चौकाला चार कोपरे, म्हणजे चार पन्हळी. तीन चौकांचा वाडा, बारा पन्हळी. फणसाचं एक रुंद पान आडवं बसलं की पाणी तुंबतं, तुंबलेलं पाणी जस्ती पत्र्याच्या कडेवरून कौलांखाली शिरतं आणि तुळईवर जाऊन बसतं. खालून काही दिसत नाही. वाशाचं भिंतीत गेलेलं टोक आधी कुजतं, वरून वासा ठणठणीत वाटतो, चाकूचं टोक लावलं की बोटभर आत जातं. वेळेवर सापडलं तर सगळा वासा बदलावा लागत नाही. कुजका भाग कापायचा, वाशाच्या जाडीच्या किमान तिप्पट लांबीचा तिरपा काप द्यायचा, त्याच जातीच्या जुन्या, मुरलेल्या लाकडाचा तुकडा जोडायचा. फणसाला फणस, सागाला साग. ओलं लाकूड जोडलं तर ते वाळताना आक्रसतं आणि जोड सुटतो.

भिंतींचं दुखणं सिमेंट. जांभ्याचा चिरा जमिनीतून ओल ओढतो आणि अंगावाटे सोडतो, त्याला चुन्याचा गिलावा मानवतो. सत्तर-ऐंशीच्या दशकात लोकांनी हौसेने सिमेंटचा गिलावा चढवला. ओल आत कोंडली, क्षार गिलाव्यामागे साठले, आणि आता गिलावा पडतो तो चिऱ्याचं तोंड घेऊनच पडतो. लिस्बनमध्येही हीच चूक झाली, सिमेंटात बसवलेल्या जुन्या आझुलेझूंची झिलई क्षारांनी उडवली. तेव्हा चाड वगैरे राहू द्या, मूर्खपणा दोन्हीकडे सारखाच आहे. यावर उपाय एकच: सिमेंट अलगद छिन्नीने उतरवायचं, भिंत काही महिने उघडी वाळू द्यायची, सांधे इंचभर खरवडायचे, आणि पाण्याखाली काही आठवडे मुरवलेला चुना एक भाग, धुतलेली वाळू तीन भाग, असा गिलावा तीन पातळ हातांत चढवायचा. ओल्या गोणपाटाने झाकायचा, रोज पाणी मारायचं. दिवस नोव्हेंबर ते फेब्रुवारी. मे महिन्यात चुना सुकतो पण धरत नाही, बोट घासलं की पीठ निघतं. पावसाळ्यात तर तो वाळतच नाही. म्हणजे छप्पर उन्हाळ्यात, भिंत हिवाळ्यात, आणि चवथीसाठी आठ दिवस येणाऱ्या वारसाला दोन्ही दिसत नाहीत. त्याला दिसते ती माटोळी, गणपतीवर टांगलेली फळापानांची.

शिंपल्यांच्या तावदानांची गोष्ट वेगळीच. तो शिंपला आता वन्यजीव कायद्याने संरक्षित, नवा काढता येत नाही. एक तावदान फुटलं तर दुसऱ्या कुठल्या तरी जुन्या घराच्या पाडकामातून ते शोधायचं. एक वाडा टिकवायला दुसरा पडावा लागतो.

आणि हे सगळं पूर्वी करत कोण होतं? इथे वंशजांच्या बाजूने बोलताना माझी जीभ जरा अडते. वाडे खंडावर आणि नारळावर चालत. कौलं परतायला, झाप विणायला, चौकातली मोरी उपसायला मुंडकार (जमीनदाराच्या जागेत घर करून राहणारे) येत, आणि ते पगारावर येत नव्हते. १९६४ चा कूळकायदा, १९७५ चा मुंडकार कायदा, १९७६ ला कसेल त्याची जमीन: उत्पन्न गेलं आणि फुकटचे हातही गेले. गेले ते बरंच झालं. पण मग "तेव्हा वाडे कसे झळकायचे" असा उसासा टाकताना, त्या झळाळीचा पगार कोणी दिला नव्हता हेही त्याच वाक्यात यावं. जनतेचा पैसा कशाला म्हणणाऱ्या दुसऱ्या तटाचं मला एवढंच पटतं की जनतेने तो आधीच दिलेला आहे, अंगमेहनतीने. म्हणूनच वाडा नुसता घराण्याचा आहे असं मला म्हणवत नाही.

सरकारने घ्यावा म्हणणाऱ्यांनी जुन्या गोव्यात से कॅथीड्रलजवळ जाऊन यावं. तिथे आदिलशहाच्या वाड्याचं दार उभं आहे, नुसतं दार. तो सरकारचाच होता. १८२० मध्ये पाडून त्याचे दगड पणजीच्या घरांना नेले. उलट पणजीतला आदिलशहाचा राजवाडा तगला, कारण १७५९ पासून तिथे आधी व्हाइसरॉय राहिले, मग सचिवालय बसलं. ज्या घरात रोज कोणी दिवा लावतं, तिथे गळती दुसऱ्या दिवशी कळते. मालक कोण, याचा पन्हळीला काही फरक पडत नाही.

हॉटेलचंही तसंच. अब्रूचा प्रश्न मला कळत नाही, नळाचा कळतो. लाकडी तक्तपोशीच्या माडीवर दहा न्हाणीघरं काढली, नळ चिऱ्यात गाडले, की गळती भिंत पिते आणि वर्षभर कोणाला पत्ता लागत नाही. त्याहून वाईट म्हणजे एसीसाठी मारलेलं खोटं छत. कौलारू छप्पर श्वास घेतं म्हणून लाकूड कोरडं राहतं. खाली पीओपीचं झाकण बसवलं की हवा बंद, वासे घामेजतात, आणि गळती दिसायची जागाच झाकली जाते. न्हाणीघरं मागच्या पडवीत, एका रांगेत, नळ भिंतीबाहेरून, छत उघडं: एवढं पाळलं तर पाहुणे खुशाल ठेवावेत.

सावंतवाडीचं उदाहरण गटावर कोणी देत नाही, कारण ते तासाभरावर आहे आणि तिथे जायला पासपोर्ट लागत नाही. तिसऱ्या खेम सावंतांचा तो राजवाडा, मोती तलावासमोरचा. सत्तरच्या दशकात शिवरामराजे आणि सत्वशीलादेवी भोसल्यांनी गंजिफा (हाताने रंगवलेले गोल पत्ते) आणि लाखकाम मरणपंथाला लागलेलं असताना दरबारातच चितारी बसवले. पत्त्यासाठी थरांवर थर चिंचोक्याच्या खळीने चिकटवायचे, वर खडूचा लेप, तो दगडाने घोटून गुळगुळीत करायचा, गोल कापायचा, रंगवायचा, लाखेचा हात द्यायचा. दशावतारी डावाची पानं एकशे वीस. दहा अवतार, प्रत्येकी बारा. एक पान हरवलं की डाव खेळता येत नाही, पण ते पान पुन्हा रंगवणारा हात त्याच वाड्यात बसलेला असतो. लिस्बनच्या दालनात बघायला मिळतं ते तयार काम, कारागीर पैसे देऊन बाहेरून आणतात. सावंतवाडीने कारागीर घरात ठेवला. ही तुलना मी माझ्या सोयीची काढली आहे, हे मान्य.

वाड्यातल्या कागदांवर कोणी बोलतच नाही. मोडी लिपीतले रुमाल (कापडात बांधलेली दफ्तरं), मजकूर मराठी. गोव्यात मराठी की कोंकणी यावर रात्र जागवणाऱ्यांतले किती जण मोडीची एक ओळ लावू शकतात? कागदांना लॅमिनेशन करू नये, उष्णतेने शाई आणि कागद दोन्ही कायमचे अडकतात. सैल सुती फडक्यात गुंडाळावेत, भिंतीला टेकवून ठेवू नयेत, पावसाळा सरला की सावलीत वारा द्यावा. एवढं कोणीही करू शकतं.

सोंद्याच्या राजांची आठवण परदेशात राहून वेगळीच होते. सिरसीजवळचं त्यांचं राज्य १७६३ च्या सुमारास हैदरअलीने घेतलं, आणि ते घाट उतरून गोव्यात आले, पोर्तुगीजांच्या आश्रयाने बांदिवड्याला स्थिरावले. फोंडा, सांगे, केपे, काणकोण ही नवी काबिजाद (पोर्तुगीजांनी मागाहून मिळवलेला मुलूख) मूळ त्यांची. १७९१ च्या तहाने ती गेली आणि नेमणूक (तनखा) राहिली. आपण त्यांना गोव्यातलं जुनं घराणं म्हणतो. ते आले तेव्हा परागंदा होते. किती वर्षं राहिलं की माणूस तिथला होतो, याचा हिशेब त्यांच्याकडे असेल. माझ्याकडे नाही. इथे मी गोव्याची, गावात मी "लिस्बोआची".

प्रतिष्ठानाची वाट आपल्याकडेही बंद नाही, फक्त वेळ गाठावी लागते. पहिली पिढी हयात असताना मिळकतीचा अर्धा हिस्सा मृत्युपत्राने हवा त्याला देता येतो, उरलेला अर्धा मुलांचा राखीव. वाड्याची किंमत त्या मोकळ्या हिश्शात बसत असेल तर तो एका वारसाला किंवा थेट विश्वस्त संस्थेला देता येतो, दहा सह्यांचा प्रश्नही येत नाही. ती वेळ हुकली की मग एकशे वीस. संस्थेला वाडा देताना बरोबर उत्पन्न देणारं काही तरी द्यावंच लागतं, एखादं भाट (नारळाची बाग), रस्त्याकडेचं दुकान, नाहीतर वर्षाच्या शाकारणीपुरतं व्याज. नुसता वाडा दिला तर संस्थेचाही तोच फोटो निघेल.

लिस्बनहून सही द्यायची तर मुखत्यारपत्र नोटरीपुढे करायचं, त्यावर प्रोकुरादोरिया या सरकारी कचेरीतून आपोस्तिल (कागद परदेशात चालावा म्हणून खरेपणाचा दाखला) घ्यायचं, पोर्तुगीजमध्ये असेल तर इंग्रजी भाषांतर प्रमाणित करून जोडायचं. मूळ कागद भारतात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्याला मुद्रांक लागला पाहिजे, नाहीतर सब-रजिस्ट्रारच्या टेबलावर तो अडतो. मिळकतीचा सर्व्हे नंबर एक-चौदाच्या उताऱ्यावर आहे तसाच उतरवायचा, आणि "सर्व व्यवहार करण्यास" असं मोघम लिहू नये. वाडा संस्थेला देण्याचा अधिकार स्पष्ट शब्दांत हवा.

ही यादी मला पाठ आहे, कारण पेडण्यातल्या एका वाड्याच्या एकशे वीस सह्यांमध्ये एक माझी आहे. कौलं परतणारा भाऊ दर एप्रिलला विचारतो. कागद अजून केलेला नाही. आणि गेल्या चवथीला तो फोटो गटावर पुढे पाठवणाऱ्यांत मीही होते, ओळीसकट.